लायब्ररीतून गेलेले ट्रक

१२ नोव्हेंबर, बुधवार

पुलगावच्या कॉम्प्युटर दुकानातला धीरज म्हणे, "काकू, बिघाड रोज लिहून ठेवा. काय दिसलं, काय दाबलं, सगळं. मंग मले सांगा." म्हणून लिहून राह्यली. चवथीपासून किराण्याच्या चिठ्ठीबिगर काई लिहिलं नाई, तं अक्षर जसं येईन तसं येईन.

बिघाड असा. कॉम्प्युटर चालू होते. गेमची लायब्ररी उघडते. पण तिच्यात गेम नाईत. रविवारपर्यंत चित्रायच्या रांगाच्या रांगा होत्या. सोमवारी उघडलं तं एकच चित्र, फुकटातल्या चेंडूच्या खेळाचं. माह्या ट्रकचा गेम नाव टाकून शोधला. जिथं हिरवं बटन राहे, तिथं दुसरंच काई लिहून आहे. इंग्रजी मले येत नाई, पण फोनचा कॅमेरा समोर धरला की अक्षरं मराठी होतात. पहिले 'खेळा' दिसे. आता 'विकत घ्या' दिसते.

मी काऊन विकत घेऊ? घरचाच गेम आहे.

पीयूषले फोन केला. तो माह्या दिराचा, किशोरचा पोरगा. पुण्यात शिकते. मी त्याची मोठी आई.

"बंद करून चालू कर न, मोठी आई."

"केलं."

"अजून एकदा कर."

केलं. चेंडूच दिसून राह्यला.

१३ नोव्हेंबर

कालचं धीरजले फोनवर वाचून दाखवलं. म्हणे, "काकू, इतकं नाई लिहायचं, फक्त बिघाड लिहायचा." मी म्हटलं, कसं लिहायचं थे मी पाहीन. आता त्याले वाचूनच दाखवत नाई. जे वाटन ते लिहीन.

गेल्या साली बांधावरून घसरली अन् माह्या पायाचं हाड मोडलं. खाटेवर पडून पडून सगळ्या घराचं डोकं खाल्लं. तवा पीयूष सुट्टीवर होता. त्यानं मले उचलून कॉम्प्युटरसमोर बसवलं. "घे, ट्रक चालव अन् आमच्यावरचं ध्यान काढ." हे, म्हणजे आमच्या घरचे, चंद्रभानजी, मले साधी लुना चालवू देत नाईत. अन् इथं एवढा मोठा ट्रक! पहिल्या दिवशी नदीत घातला. पीयूष हासून हासून खाली पडला.

आता माह्ये स्वतःचे ट्रक आहेत, ड्रायव्हर आहेत, ऑफिस आहे. बाजारातून भाजी विकून आली की बसते. पीयूष पुण्याहून त्याचा निळा ट्रक घेऊन येते, पुढं तो, मांगं मी. कानाले हेडफोन. फोनवर तो "हव, जेवलो, ठीक आहे" एवढंच बोलते अन् ठेवते. ट्रकवर बसला की सगळं बोलते. मेसमधलं वरण कसं पाणी राह्यते, कोणती पोरगी आवडते, कोणत्या पेपरात नापास होईन. त्याच्या मायले, उज्वलाले, यातलं काई माहीत नाई. तिची अंगणवाडी होती, तवा याले मीच न्हाऊमाखू घातलं. मले देवानं लेकरू देलं नाई, हा देला.

म्हणून जीव टाकून राह्यली. गेम नाई तं पीयूष नाई.

१५ नोव्हेंबर

पीयूष म्हणे नेट कमी पडत असन. वायफायवाल्याले बलावलं. त्यानं फोनवर गरगर फिरणारा काटा दाखवला. "ताई, स्पीड बराबर आहे."

"मंग माह्ये ट्रक काय पायानं चालत गेले?"

"ट्रकचं मले काय माहीत? मी वायरवाला आहे."

भांडण झालं. तो चप्पल घालत घालत पळाला. हे ओट्यावरून म्हणे, "राहू दे न आता. कोणता खराखुरा ट्रक आहे तुह्या?" मी म्हटलं, तुम्ही मधात पडू नका. एरवी मी कोणासोबत भांडली की यायले मजा वाटते. आज तोंड वळवून बसले.

किशोर दोन माणसं घेऊन वावरात मोजायचा टेप लावून राह्यला होता. इचारलं तं म्हणे पाईपलाईन टाकाची आहे, वयनी. मी म्हटलं, वांग्याच्या वाफ्यातून नेजो नको, नाई तं सगळी पाईप उपटून फेकीन. नुसता हव हव म्हणे.

१७ नोव्हेंबर

कॉम्प्युटरचा डबा चादरीत बांधून ऑटोनं पुलगावले नेला. यायले चला म्हटलं तं म्हणे किशोरसंग वर्ध्याले जाचं आहे, ब्यांकेचं काम आहे. आधार कार्ड, फोटो, सगळं घेतलं. मीच शर्टाले इस्त्री करून देली.

धीरजनं डबा खोलला, धूळ फुकली. म्हणे डिस्क चांगली आहे. मंग इचारते, "गेम चुकून लपवले तं नाई न कोणी? लपवलेल्यायची यादी येगळी राह्यते." ती उघडली, रिकामी. "दुसऱ्या खात्यातून तं नाई उघडलं?" खातं माह्यंच, वर माह्यं नाव, कुंताबाई, अन् बाजूले ट्रकचं चित्र. "काकू, हे गेम घेतले कोणाच्या खात्यातून होते?"

आता हा काय इचारायचा प्रश्न आहे? पीयूषनं आणले, पण घरात आणलेली वस्तू घरचीच राह्यते. आमच्या घरी पाटा कोणी आणला, खाट कोणी आणली, कोणी इचारत नाई. एक चूल आहे आमची. धीरज म्हणे कॉम्प्युटरले असं समजत नाई. मी म्हटलं, मंग तुह्या कॉम्प्युटरले जरा समजावून सांग.

एक गोष्ट मात्र चांगली सांगतली. माह्ये ट्रक, ऑफिस, सगळा हिशेब याच डब्यात जपून आहे. गेम परत आला की जिथं ट्रक उभा केलता तिथंच भेटन. मंग जरा जिवात जीव आला.

घरी आली तं उज्वलानं नवीन गॅस आणलेला. मी म्हटलं, एक आहे न? म्हणे, "बाई, मधातच संपते, म्हणून जास्तीचा." चांगलं केलं. लिंबाचं लोणचंबी तिनं दोन बरण्यायत केलं. मोठी बरणी जड पडते म्हणे.

१९ नोव्हेंबर

पीयूष म्हणे, "कंपनीनंच काढले असतीन, मोठी आई. कंपनीचं काई सांगता येत नाई." मंग कंपनीलेच लिहिलं. मराठीत बोलून टाकलं, फोननं इंग्रजी केलं. मी जे बोलली ते सगळं फोननं नसन केलं, नाई तं त्यायनं जवाब देला नसता.

जवाब आला. फोन धरला. 'तुमच्या खात्यावरून हे खेळ कधीही खरेदी करण्यात आलेले नाहीत.' एवढं वाचलं अन् माह्यं टाळकं फिरलं. सालभर चालवलेला ट्रक कधी नव्हताच म्हणते! चोर! खाली अजून दोन-तीन ओळी होत्या. नाई वाचल्या. चोराचं कोण वाचत बसते?

पीयूषले सगळं सांगतलं. मी म्हटलं, आयकून राह्यला का? म्हणे, "हव. मोठी आई, राहू दे न. परीक्षा झाली की मी पाहीन."

"तुह्या परीक्षेचा अन् माह्या ट्रकचा काय संबंध?"

फोन कटला. रेंज नसन.

२१ नोव्हेंबर

डोक्यात आलं, कॉम्प्युटर पुसते कोण? उज्वला. तिले चुलीपाशी गाठलं.

"पुसता पुसता काई दाबलं का तू?"

"नाई बाई."

"खरं सांग. मी काई म्हणणार नाई."

"नाई न बाई. मी कायले हात लावू?"

"मंग गेम काय उंदरानं नेले?"

ती रडाले लागली. एवढ्याशा गोष्टीचं एवढं रडणं! पदर तोंडात कोंबून, उचक्या देऊन. म्हणे, "बाई, मले माफ करा. तुम्ही माह्यं लय केलं." हिनंच दाबलं असन काईतरी. मी म्हटलं, जाऊ दे, रडू नको, मी करते दुरुस्त. सांबार, पुण्यात त्याले कोथिंबीर म्हणतात, निवडाले बसवली तिले. निवडता निवडताबी रडूनच राह्यली होती.

२४ नोव्हेंबर

भाजी घेऊन बाजारात गेलती तं धीरज समोरूनच गेला. मीच हाक मारली. कंपनीचा जवाब दाखवला, कसे चोर आहेत म्हणून. त्यानं फोन हातात घेतला, शेवटपर्यंत वाचला. म्हणे, "काकू, तुम्ही पुढं वाचलं नाई का?"

"काय वाचू?"

"हे गेम तुमच्या कुटुंबातल्या कोणीतरी तुमच्यासंग वाटून घेतले होते म्हणते. घरी जाऊन 'कुटुंब' असं पान आहे, ते उघडून पाहा."

मी म्हटलं तूच सांग न काय आहे त्यात. तो म्हणे, "तुम्हीच पाहा, काकू." अन् माह्याकडून मेथीची जुडी घेऊन गेला. कधी घेत नाई.

घरी आली. पाय बी धुतले नाई. पान उघडलं, फोन धरला.

'तुमचे कुटुंब. सदस्य: १.'

तो एक म्हणजे मीच. खाली बारीक अक्षरात होतं. 'पीयूष यांनी ९ नोव्हेंबर रोजी कुटुंब सोडले.'

फोन हलला असन म्हणून पुसून परत धरला. तेच आलं.

नऊ तारखेले रविवार होता. त्या दिवशी तो माह्यासंग ट्रकवर होता. बंदरावर माल उतरवला, शेजारी शेजारी ट्रक लावले. "चल मोठी आई, येतो," म्हणे.

२५ नोव्हेंबर

सकाळीच फोन लावला.

"पीयूष, नऊ तारखेले तू काय दाबलं?"

तो नुसता हॅलो हॅलो करे.

"काऊन? बंद करून चालू करू का अजून एकदा?"

तवा रडाले लागला. मायवर गेला आहे. मी रडू देलं. मंग एकेक निंघालं.

दिवाळीत त्याच्या बापानं त्याले सांगतलं होतं. वर्ध्याले प्लॉट घेतला. वावराच्या अन् घराच्या वाटण्या होऊन राह्यल्या. कागद होईपर्यंत मोठ्या आईले सांगू नको, ती घर डोक्यावर घेईन.

"मी रोज तुह्यासंग बोलू अन् हेच नाई सांगू? माह्या तोंडातून निंघून गेलं असतं, मोठी आई. म्हटलं गेमच बंद पडला तं बोलणं नाई होणार. काई दिवसायची गोष्ट होती."

"अन् मले वायफायवाल्याच्या अंगावर सोडलं."

"मले वाटलं तू कंटाळून सोडून देशीन."

"मी आजपर्यंत काय सोडलं रे?"

तो म्हणे आत्ताच्या आत्ता परत येतो कुटुंबात, लगेच होते. मी फोन चालूच ठेवला. त्याची बटनं वाजताना आयकू येत होती. मंग ती थांबली.

"काय झालं?"

"वर्षभर येता येत नाई म्हणते. असा नियम आहे. मले माहीत नव्हतं, मोठी आई, देवाशपथ मले माहीत नव्हतं."

दाबता दाबता वाचलं नाई त्यानं. हे त्यानं माह्याकडून घेतलं.

ठेवता ठेवता इचारलं, तुह्या मोठ्या बाबाले माहीत आहे का वाटणीचं? तो म्हणे, "कागदावर पहिली सई त्यायचीच आहे."

२६ नोव्हेंबर

यायले इचारलं. हे म्हणे, "तुले सांगतलं असतं तं तू घर डोक्यावर घेतलं असतं."

मी म्हटलं, घेतलं असतं. माह्यंच घर होतं न?

२८ नोव्हेंबर

कोणासंगच बोलत नाई. माणूस गप्प बसला की घरातले किती आवाज करतात ते समजते. किशोर ओट्यावर खाकरून येते अन् खाकरून जाते. उज्वला बाई, चहा, बाई, भाकर, असं दारातून म्हणते. हे सगळ्यायच्या मधात बसून तुरीच्या शेंगा सोलतात, जशा सोलल्या नाई तं जग बुडन.

इस्त्री मी केली होती त्या शर्टाले. सईले जाचं म्हणून. हे राहून राहून येते मनात. कॉलर नीट बसावी म्हणून पाणी मारलं होतं.

वावर जाऊ दे. वावर कोणाचंही असलं तरी वांगं वांग्यालेच लागते. पण चौघं मिळून एक गोष्ट लपवतात अन् मी एकटी घरभर बिघाड शोधत फिरते. कोणीतरी एकानं हात धरून खाली बसवाचं होतं.

पीयूषचे फोन येतात. उचलत नाई. उद्या येऊन राह्यला म्हणे.

३० नोव्हेंबर, रविवार

सिंदीहून डोमाजी मामा आले. यायचे मामा, यायच्या घरात कोणतीबी वाटणी त्यायच्याबिगर होत नाई. अंगणात सतरंजी टाकली. हे, किशोर, उज्वला, पीयूष. पीयूष कालच आला, पण त्याच्या मायकडंच बसून राह्यला. दाढी वाढली आहे. वाळला. मी पाह्यलं नाई त्याच्याकडं, पण दिसते तं दिसते.

किशोरनं सुरू केलं. "वयनी, तुम्हाले सांगाचंच होतं. पोराच्या शिक्षणासाठी अन् वर्ध्याले..."

"कारण नको मले."

डोमाजी मामा म्हणे, "कुंता, मंग तुह्यं म्हणणं काय? वावरात कमी-जास्त वाटते का?"

"वावर जसं वाटलं तसं वाटा. मले एकच पाह्यजे. तुम्ही चौघं माह्यापासून येगळे होऊन राह्यले, हे माह्या तोंडावर म्हणा. एकेकानं. कागदाले सांगतलं, मामाले सांगतलं, टेपवाल्याले सांगतलं. आता मले सांगा."

मामा हासले. "आता हे काय लेकरासारखं?"

"मामा, तुम्ही चहा प्या."

किशोरनं तोंड उघडलं अन् बंद केलं. मी थांबली. तो सतरंजीचा दोरा ओढत बसला. उज्वला तं पदरातच होती. मंग यायच्याकडं वळली. तुम्ही म्हणा. तुम्ही काई येगळे नाई होऊन राह्यले, पण सई तुमची पहिली. हे आपल्या चपलेकडं पाहून राह्यले, जशी पहिल्यांदा पाह्यली. इतक्या वर्षांचा संसार अन् एवढं वाक्य नाई निंघालं.

मामा म्हणे, झालं, आता बस कर.

तवा पीयूष उभा राह्यला. "मोठी आई, आम्ही येगळे होऊन राह्यलो." पूर्ण म्हटलं त्यानं. "अन् मी तुह्यासंग खोटं बोललो. रोज बोललो."

मी म्हटलं, "करा वाटण्या."

झाल्या. भांडी, कोठी, खाटा, विहिरीचे दिवस. उज्वलानं सगळं पहिलेच मनात लावून ठेवलेलं होतं, चुकली नाई कुठंच. शेवटी कॉम्प्युटर राह्यला. किशोरनं पीयूषच्या बारावीच्या वक्ताले आणलेला.

किशोर म्हणे, "वयनी, तो तुमच्याकडंच राहू द्या. पीयूषपाशी लॅपटॉप आहे."

उज्वलाबी लगेच म्हणे, "हव बाई, ठेवा. तुम्हाले लागते."

"घरचा होता तवर बसली मी त्याच्यासमोर. आता घरचं काई नाई. तुमचं आहे अन् आमचं आहे. हे तुमचं."

"मोठी आई, त्यात तुह्ये ट्रक आहेत," पीयूष म्हणे.

"माहीत आहे मले."

आत गेली. वायरी काढल्या, डबा चादरीत बांधला, उचलून आणला अन् अंगणात त्याच्यापुढं ठेवला. हे उठले होते हात लावाले. नाई लावू देला.

मामा गेले. हे त्यायले स्टेशनवर सोडाले गेले. किशोर कागद घेऊन आत गेला. पीयूष तिथंच डब्यापाशी बसून राह्यला. तिकडच्या दारात नेत नाई, इकडच्या दारात आणत नाई. मी माह्या पायरीवर सांबार निवडाले बसली. मंग त्यानं एक जुडी ओढून घेतली अन् निवडाले लागला. मुळायसंग चांगली पानंबी तोडून राह्यला, लहानपणी शिकवलं तरी अजून येत नाई त्याले. मी दुसरी जुडी घेतली.

उज्वलानं आतून जेवाले हाक मारली. कोणाले मारली ते तिनं सांगतलं नाई.

आम्ही दोघंबी उठलो नाई.